धोंड्याच्या पंगतीत बिनतुपाचा आंबा

“मावशी, पित्ताच्या पिशवीत खडे आहेत. त्यातला एक खाली घसरला आणि त्यानं स्वादुपिंडाची वाट अडवली,” डॉक्टर म्हणाले. सोनोग्राफीच्या खोलीत मी पोटावर गार जेल लावून घेऊन पडले होते. पडद्यावर काळंपांढरं काहीतरी हलत होतं. मला त्यात नुसतं आभाळ दिसत होतं, डॉक्टरांना खडे दिसत होते.

रक्ताची तपासणीही झाली होती. लायपेज नावाचा एक पाचक रस असतो, तो माझ्या रक्तात लय वाढला होता. ह्या आजाराचं नाव अक्यूट पॅन्क्रियाटायटिस. म्हणजे स्वादुपिंडाला एकाएकी आलेली सूज. हे स्वादुपिंड पोटाच्या मागं दडून बसलेलं असतं आणि आपण खाल्लेलं तेल-तूप पचवायला रस करत असतं. त्याची वाट अडली की तो रस बाहेर न जाता त्यालाच जाळायला लागतो. मला हे डॉक्टरांनी दोनदा समजावलं तेव्हा कळलं, म्हणून तुमच्यासाठी सोपं करून सांगायलेय.

पहिली कळ पोखर्णीला भाचीच्या लग्नात आली. बुंदी, भजे, तेलाचा तवंग आलेली वांग्याची भाजी, मी काही सोडलं नव्हतं. संध्याकाळी बेंबीच्या वर कुणी आतून पिळा घालतंय असं दुखायला लागलं आणि ते थेट पाठीत निघायचं. आडवं पडलं की वाढायचं, वाकून बसलं की जरा हलकं वाटायचं. मी ओवा चावला, सोडा घेतला आणि पित्त झालंय म्हणून सगळ्यांना सांगून टाकलं. दुसऱ्या दिवशी उलट्या थांबेनात तेव्हा लेकानं गाडीत घालून परभणीला आणलं. तुमच्यात कुणाला असं पाठीत निघणारं दुखणं लागलं तर बायांनो, ओवा चावत बसू नका.

दवाखान्यात माझ्या खाटेवर पाटी अडकवली, ‘निल बाय माउथ’. म्हणजे तोंडानं काही म्हणजे काही नाही, पाणीसुद्धा नाही. स्वादुपिंडाला आराम द्यायचा तर पोटात काही पाठवायचंच नसतं. सगळं सलाइनमधून. परभणीचा उन्हाळा, आणि माझ्या ओठांना ओला कापूस. शेजारच्या खाटेवरची बाई मोसंबी सोलायची तर मी भिंतीकडं तोंड करायची.

मग सीटी स्कॅन झालं. मोठ्या कड्यातून माणसाला सरकवतात आणि पोटाचे काकडीच्या चकत्यांसारखे फोटो काढतात. दुखत काही नाही. बाहेर बाकड्यावर नंबर लागायची वाट बघताना मात्र सगळं दुखतं.

तोंडानं पाणी सुरू व्हायच्या आधीच माझी धाकटी जाऊ कमल भेटायला आली. ताडकळसहून बसनं, पदराखाली डबा घेऊन. “बाई, उठा. दोन घास खाऊन घ्या. अंगात तूप गेल्याबिगर ताकत कुठून येईल?” डब्यात शिरा होता, कडेनं तूप सुटलेला. आमच्याकडं बाळंतिणीला तूप, आजाऱ्याला तूप, पडलेल्याला तूप. कमलनं घरच्या लोण्याचं कढवून आणलं होतं. वासानंच माझा जीव कासावीस झाला, आणि खरं सांगते, हात डब्याकडं गेलाही होता.

तेवढ्यात सिस्टर आल्या. त्यांनी डबा उचलून खिडकीत ठेवला. “पाटी वाचता येत नाही का? पेशंटला मारता का काय?” वॉर्डातली सगळी माणसं कमलकडं बघायला लागली. जाताना माझ्या पाया पडली आणि डबा तिथंच विसरून गेली. पुढं मी घरी आले तरी ती मला बघायला आली नाही.

सुटी देताना डॉक्टर म्हणाले, “सूज उतरलीय, पण आत थोडं पाणी साचलंय. ते आटलं की मगच पिशवी काढायची. तोवर तेल-तूप बंद समजा. मधेच दुसरा झटका आला तर ऑपरेशन लांबेल, आणि तो झटका पहिल्यापेक्षा वाईट असू शकतो.”

“शेंगदाण्याचा कूट?” मी विचारलं.

“तेलच आहे ते.”

“खोबरं?”

“मावशी, तेपण.”

“मग काजू?”

डॉक्टर हसायला लागले. “फळं खा, भात खा, बिनफोडणीचं मुगाचं वरण खा. तुम्हाला साखरेचा आजार नाही, थोडं गोड चालेल.” बाकीचं सगळं आमच्या मालकांनी ध्यानात ठेवलं. ‘थोडं गोड चालेल’ एवढं मी ठेवलं.

आणि नेमका धोंड्याचा महिना लागलेला. अधिक महिना तीन वर्षांनी एकदा येतो. लेक-जावयाला लक्ष्मीनारायण समजून पाटावर बसवायचं, अनारशांचं ताट द्यायचं, आणि पुरण भरून उकडलेले धोंडे तुपात बुडवून वाढायचे. माझी लेक रेखा पाथरीला दिलेली. तिचा फोन आला.

“माय, त्या दिवशी तू काय खाणार?”

“माझी पेज हाय की.”

“मग मी येत न्हाई. तू कोपऱ्यात पेज पिणार आन् मी पाटावर बसून तूप वरपणार, असलं धोंडं मला नको. माझ्यासंगं बसून गोडाचा घास खाणार असलीस तर येते.”

दटावलं, समजावलं. पुरण मला चालत नव्हतं, चण्याची डाळ पोट फुगवते म्हणून तीही बंद होती. जावयांनी फोन घेतला. “मामी, ती ऐकायची न्हाई. मी बी भांडून बघितलं. हट्ट तुमच्याकडूनच आलाय.”

महिना सरत आला होता. यंदा राहिलं तर पुढचं धोंडं तीन वर्षांनी, आणि नुकतंच दवाखान्यातून आलेल्या माणसानं तीन वर्षांचा भरवसा कसा धरावा? म्हणून मी ठरवलं. असं गोड करायचं की ज्यात तुपाचा थेंब नाही, आणि तरी ते पाटावरच्या ताटात शोभलं पाहिजे. पथ्याचं म्हणून कुणी कीव करून खायचं नाही.

सून सवितानं मोबाइलवर एक पदार्थ दाखवला. खाली फळांच्या फोडी, वर पिठाचा भुरका, आणि सगळं भट्टीत भाजायचं. क्रंबल म्हणतात त्याला. त्यातली बाई लोण्याची अख्खी वडी पिठात कुस्करत होती.

“आत्याबाई, ह्या लोण्याच्या जागी काय घालायचं?” सविता म्हणाली.

तिथंच सगळं अडलं होतं. लोणी काढलं की पिठाचं पीठच राहतं.

आंबे घरात होतेच. कापायचा घट्ट केशर घेतला, फोडींना लिंबू, वेलची आणि चिमूटभर मीठ लावलं. वरच्या थराला बाजारातून ज्वारीच्या लाह्या आणल्या आणि भरड केल्या. त्यात थोडं भाजलेलं जाडं गव्हाचं पीठ आणि किसलेला गूळ. पहिल्यांदा काहीच ओलं न घालता डब्यात थर लावले आणि शिट्टी काढलेल्या कुकरात वाळूवर ठेवून भाजलं. मालकांनी पहिला घास घेतला आणि त्यांना असा ठसका लागला की सविता तांब्या घेऊन धावली.

“लाह्यांचा धुरळा हाय हा,” ते म्हणाले, “मळणीला बसल्यावानी वाटलं.”

दुसऱ्या वेळी मी काळं पडत आलेलं केळ कुस्करून भरडीत चोळलं. केळ पिठाला धरून ठेवतं, तोंडात मऊपणा देतं, आणि त्यात तूप नाही. चव आली. पण कुकरच्या झाकणाची वाफ वरून टपकली आणि भुरक्याचा लगदा झाला.

“लापशी झकास झाली,” मालक म्हणाले.

“लापशी न्हाई ती.”

“मग वरून विस्तव ठेव. रोडगे खालून-वरून भाजतो म्हणून तर खरपूस होतेत. नुसत्या खालच्या जाळावर कधी रोडगा झालाय?”

हे बोलून माणूस निघून गेला रानात. मी तिथंच उभी. इतकी वर्षं रानात रोडगे करायलोत, कणकेचे गोळे गोवऱ्यांच्या आरात खाली-वर पुरून, आणि माझ्या डोक्यात ते आलं नव्हतं.

अंगणात पाणी तापवायची चूल आहे. जाड बुडाच्या पातेल्यात वाळू, तिच्यावर आंब्याचा डबा, आणि पातेल्यावर लोखंडी तवा जरासा तिरका ठेवला, वाफेला वाट राहावी म्हणून. तव्यावर निखारे. चुलीत मंद आर. आंब्याचा रस कडेनं बुडबुडायला लागला आणि गुळाचा वास गल्लीत गेला तेव्हा तवा उचलला. वर तांबूस, कुरकुरीत पापुद्रा. चमचा घातला की कर्र वाजायचं आणि खाली आंबा नुसता विरघळलेला. मालकांनी वाटी पुढं केली आणि खाऊन झाल्यावर परत पुढं केली. मी रेखाला फोन लावला. “ये. संगं खाणार हाय मी.”

कमललाही निरोप धाडला. आमच्या घरात पंगतीला तूप वाढायचा मान तिचा, कारण तिचा हात सैल. मालक मस्करीत म्हणतात, कमलनं वाढलं की भात पोहायला लागतो. ती आली, पण माझ्याशी डोळे भिडवेना. नुसतं म्हणाली, “तब्येत कशी हाय, बाई?” आणि तुपाचं भांडं घेऊन चुलीपाशी बसून राहिली.

पंगत बसली. जावई पाटावर, शेजारी रेखा, तिच्या शेजारी मी. सगळ्यांच्या ताटात धोंडे आणि आंबा, माझ्या ताटात वरणभात आणि आंबा. कमल धार धरत आली. रेखानं आंब्यावर हात आडवा धरला. “काकी, धोंड्यावर घाला. आंब्यावर नको, मला मायसारखंच.”

“बरं बरं. मायवर गेलीस, दुसरं काय,” कमल तिच्याकडं बघून हसत पुढं सरकली. आणि बोलता बोलता, तिच्या हाताच्या सवयीनं, तुपाची जाड धार माझ्या आंब्यावर पडली. भात, वरण, सगळ्यावर वाहून गेली.

“काकी,” सविता ओरडली.

रेखाच्या हातातला घास खाली आला. कमलचा चेहरा दवाखान्यात झाला होता तसा झाला. आंब्याच्या डब्यात खरवडण्यापुरतंही उरलं नव्हतं, उरलेला सगळा जावयांच्या ताटात वाढून सविता मोकळी झाली होती.

मी ताट उचललं आणि शेजारच्या रिकाम्या जागेवर ठेवलं. “कमल, बस. हे तुझं ताट.”

“बाई, हाताला वळणच पडलंय हो.”

“बस म्हणते ना. माझं जेवण वाया घालवू नकोस.”

ती बसली. मान खाली घालून आंब्याचा घास घेतला. सगळे तिच्याकडं बघायलेले. तिनं सावकाश चावलं, अजून एक घास घेतला, आणि म्हणाली, “खरं सांगू? तूप नसतं तर चांगलं लागलं असतं. तुपानं आंबा दाबून टाकला.”

“ऐकलं का,” मालक तिकडून म्हणाले, “कमलनं तुपाला नाव ठेवलं. आता पाऊस वेळेवर येतोय बघा.”

कमलच आधी हसली. आणि रेखानं काय केलं, आपलं ताट माझ्याकडं सरकवलं, दोघींच्या मधोमध. तिच्या आंब्यावर तुपाचा थेंब नव्हता. “घे माय,” ती म्हणाली, “तू आधी.” मी घास घेतला. कर्र वाजलं. मग तिनं घेतला. एका ताटात आम्ही दोघी शेवटचं कधी जेवलो होतो, मला आठवलं नाही.

पुढचे काही दिवस मी पोटाकडं कान लावून होते. पोट गप्प होतं. पुन्हा सीटी स्कॅन झालं, पाणी आटलं होतं. लॅपरोस्कोपी, म्हणजे बारीक छिद्रं पाडून दुर्बिणीनं पित्ताची पिशवी काढतात, तीही झाली. डॉक्टर म्हणाले, “मावशी, मधे दुसरा झटका येऊ दिला नाहीत, म्हणून सोपं गेलं.” आता हळूहळू चमचाभर तेल-तूप चालतं. मी ते भाजीला ठेवते. गोडाला लागत नाही, हे मला कळलंय.

पथ्य लागलेल्या बायांना एवढंच सांगते, घरच्यांपासून वेगळं बसून खाऊ नका. तुम्हाला चालेल असं काहीतरी रांधा आणि ते सगळ्यांच्या ताटात वाढा. चुकेल, ठसका लागेल, लापशी होईल. होऊ द्या. मला डॉक्टरांनी वाचवलं, सिस्टरांनी सांभाळलं आणि लेकीच्या हट्टानं उभं केलं. कुणाचं ऋण मोठं, हे मी मोजायला जात नाही.

टाके दाखवायला गेले तेव्हा कमल हट्टानं बरोबर आली. पदराखाली ह्याच आंब्याचा डबा होता. सरळ वॉर्डात गेली आणि त्याच सिस्टरांच्या टेबलावर ठेवला. “घ्या. ह्यात तूप न्हाई. बघून घ्या.”

सिस्टरांनी झाकण काढलं, वास घेतला, डब्याच्या कडेनं बोट फिरवलं आणि ते उजेडात धरून बघितलं. बोट कोरडं होतं. त्यांना काय वाटलं कोण जाणे, उभ्या उभ्याच चमचा घातला. मग दुसऱ्या सिस्टरला हाक मारली. मग कपाटातून कमलचा शिऱ्याचा डबा काढून दिला, घासून-पुसून ठेवलेला.

येताना बसमध्ये कमल दोन रिकामे डबे मांडीवर घेऊन बसली होती. सिस्टरांनी तळापर्यंत संपवलेला आंब्याचा डबा तिनं वाटेत उघडून बघितला, परत लावला, आणि ताडकळस यायच्या आधी अजून एकदा उघडून बघितला.