लंडनची बाई आई गं म्हणत नाही

भावोजींचा डावा पाय लोखंडी शटरखाली होता आणि तोंड उघडं होतं. ते ओरडताहेत हे मला नुसतं दिसत होतं. ऐकू काही येत नव्हतं, कानात एकच शिट्टी वाजत होती. स्टीलचे डबे भिंतीत रुतले होते. माझ्या पुढ्यात बाहेरून उडून आलेला एक हात पडला होता. बांगडी नाही, म्हणजे पुरुषाचा, एवढंच मला तेव्हा सुचलं.

दुकानदार धुरातून रांगत आला. भावोजींच्या तोंडाशी वाकून त्याने काहीतरी विचारलं. भावोजींचं तोंड पुन्हा उघडलं. तसे दुकानदाराने हात जोडले, कपाळाला लावले आणि तो बाहेर धावला.

दोन माणसं आत शिरली. त्यांनी शटर उचलून भावोजींना ओढलं. पाय बराचसा तिथेच राहिला. मला कोणी ओढलं ते आठवत नाही. बाहेर गाड्या जळत होत्या. कंगवे विकणाऱ्या एका फेरीवाल्याला लोकांनी धरलं होतं आणि त्याचं डोकं खांबावर आपटत होते. त्याची पेटी उलटी केली. कंगवेच निघाले. तरी मारत होते. तेवढ्यात दुकानाचं छत आगीसकट खाली बसलं.

दुकानदाराने हात का जोडले, हे मला पुढच्या थंडीत कळलं.

आता भावोजी कोण ते सांगते. दिल्लीत आर. के. पुरमच्या सरकारी क्वार्टरमध्ये आम्ही वरती, ते खालती. माझा नवरा त्यांच्या कचेरीत ड्रायव्हर होता, ते तिथेच अधिकारी. मी चौथी शिकलेली, पण मशीनवर हात बसलेला, म्हणून मराठी मंडळाच्या नाटकांचे कपडे माझ्याकडे. नाटकं बसवणारे भावोजी. मला वहिनी म्हणायचे आणि शिवलेलं उसवायला लावायचे.

असा माणूस तुम्हीही पाहिला असेल. दिवसभर फायली, संध्याकाळी तालीम, घरी बायको वैतागलेली. भावोजींची एक खूण होती. पंजा पुढे करायचे, ट्रॅफिकच्या पोलिसासारखा, आणि म्हणायचे, “आवाज नको. नंतरचं दाखवा.”

हे खूळ त्यांनी लंडनहून आणलं. साडू तिकडे होता, त्याने बोलावलं म्हणून गेले होते. लोक तिकडून सेंट आणतात, घड्याळं आणतात. यांनी नाटकांची पुस्तकं आणली.

“वहिनी, तिकडेही बॉम्ब फुटतात,” ते मला सांगत होते. मी त्यांच्याच कोटाची बाही जोडत होते. “पण तिकडची बरीच नाटकं बॉम्ब दाखवत नाहीत. ढुम्म नाही, लाल दिवा नाही. फुटल्यानंतर माणसांचं काय होतं ते दाखवतात. काही जण तर लोकांच्या घरी जाऊन त्यांचं बोलणं टेप करतात आणि नट तसंच्या तसं म्हणतो. अडखळला तर अडखळलेलंसुद्धा.”

“मग लिहिणारा काय करतो?”

“गप्प बसतो.”

“आणि पैसे घेतो?”

“घेतो.”

“बरं आहे की,” म्हटलं.

त्यातलं एक नाटक त्यांनी मराठीत केलं. लंडनमधलं स्वयंपाकघर, त्यात एक बाई. तिच्या पोराने स्टेशनवर बॉम्ब ठेवला, माणसं मेली. ती चहा करत बोलत राहते. बस, एवढंच नाटक.

मंडळात भांडण झालं. सेक्रेटरी म्हणाले, “मारणाऱ्याच्या आईचं रडगाणं आम्ही का ऐकायचं? यार, काहीतरी विनोदी करा ना.”

“ती रडत नाही,” भावोजी म्हणाले. “तीच तर अडचण आहे.”

बाईचं काम बँकेतल्या सुनंदाकडे होतं. तालमीला खरा चहा. एकदा तिच्या हातावर सांडला आणि ती ओरडली, “आई गं!”

पंजा पुढे आला. “थांबा. लंडनची बाई आई गं म्हणत नाही.”

“मग काय म्हणते?” सुनंदाने हातावर फुंकर घालत विचारलं.

भावोजींनी विचार केला. “आउच.”

“आउच म्हणते म्हणजे तिला भाजलेलंच नाही,” मी म्हणाले. सगळे हसले. मग प्रत्येकाने आपापली गोष्ट काढली. दिल्लीतल्या मराठी माणसाकडे ही एक गोष्ट असतेच. बसमध्ये पायावर पाय पडतो, आपण आई गं म्हणतो आणि शेजारचा मान वळवून विचारतो, “कौन आई?” सुनंदाच्या बाळंतपणात नर्सने दरवाज्याबाहेर बघून सांगितलं होतं, “कोई नहीं आई, जोर लगाओ.” भावोजी डोळे पुसेपर्यंत हसले. आणि पुन्हा म्हणाले, “तरी आपल्या नाटकात नको.”

मग त्यांना शिट्टी वाजवणारी किटली हवी झाली. तेव्हा परदेशी माल नुकता दिसायला लागला होता. भावोजींनी जमुनापार सोसायटीत फ्लॅट घेतला होता. तिकडे अर्ध्या इमारती उभ्या, अर्ध्या खणलेल्या, पण बाजार जोरात. तिथल्या एका भांड्याच्या दुकानात किटली आहे असं कळलं. पडद्याचं कापडही घ्यायचं म्हणून मला बरोबर नेलं.

दुकानदार आणि त्याची बायको, दोघंच दुकान चालवत. बाई हसतमुख होती. भावोजींना म्हणाली, “साहब, किटली चाहिए तो नई पेटी खोलती हूँ. ये बाहर वाली तो सबने बजा-बजाकर ख़राब कर दी,” आणि मागच्या खोलीत गेली. माझ्या हातून एका डब्याचं झाकण पडलं. ते उचलायला मी काउंटरखाली वाकले. बाहेर बॉम्ब फुटला तेव्हा खाली होते, म्हणून हे लिहायला आहे.

भावोजींचा पाय डॉक्टरांनी गुडघ्याखाली कापला. माझा उजवा कान गेला. दुकानदाराची बायको आतच जळाली, हे आम्हाला इस्पितळात कळलं.

मंडळाने नाटक रद्द केलं. सेक्रेटरी इस्पितळात संत्री घेऊन आले आणि म्हणाले, “आता तरी पटलं ना? असल्या नाटकाची गरज नाही.” भावोजींनी संत्रं सोलून त्यांनाच खायला दिलं. ते गेल्यावर मला म्हणाले, “वहिनी, लंडनची बाई राहू दे. आता आपल्याच लोकांना विचारू.”

थंडी सुरू झाली आणि भावोजी कुबड्यांवर निघाले. टेपरेकॉर्डर माझ्या पिशवीत. बाजारात जो बोलेल त्याला बोलू द्यायचं. काहींनी हाकललं. एका बाईने माझ्या अंगावर पाणी टाकलं. फेरीवाल्याचा भाऊ भेटला. फेरीवाला जगला होता, पण त्याला स्वतःचं नाव आठवत नव्हतं. भाऊ एवढंच म्हणाला, “लिख लो, कंघी थी.”

शेवटी दुकानदाराकडे गेलो. तो भावाच्या हार्डवेअरच्या दुकानात बसायचा. त्याने भावोजींना ओळखलं आणि स्टूल पुढे केलं. टेप सुरू झाली. तो बाजाराचं बोलला, आगीचं बोलला. मग म्हणाला, “सबसे पहले मैं आप ही के पास आया था, साहब. मैंने पूछा, मेरी घरवाली बाहर आई? आपने कहा, आई. दो बार कहा. मैंने हाथ जोड़े आपको. फिर मैं बाहर भीड़ में उसे ढूँढ़ता रहा.”

मी भावोजींकडे पाहिलं. त्यांचा पंजा पुढे आला होता, नेहमीसारखा, पण कोणाला थांबवायचं ते त्यांना कळत नव्हतं.

मी मनात म्हटलं, गप्प बसा. याला बायको परत मिळणार नाही. उठा आणि घरी चला.

ते उठले नाहीत. म्हणाले, “भाईसाहब, मैंने आपका सवाल सुना ही नहीं था. कान बंद थे. हमारी भाषा में माँ को आई कहते हैं. मैं चिल्ला रहा था. बस चिल्ला रहा था.”

दुकानदाराने विचारलं, “मतलब आपने उसे देखा ही नहीं?”

“नहीं.”

“आप अपनी माँ को बुला रहे थे?”

“हाँ.”

त्याने उठून भावोजींच्या कानाखाली मारली. सगळ्या अंगाचा जोर लावून मारली. चष्मा उडाला, भावोजी स्टुलावरून पडले, कुबड्या खिळ्यांच्या डब्यांवर आदळल्या. त्याने पुन्हा हात उचलला तेव्हा मी मध्ये उभी राहिले. पहिल्या वेळी राहिले नाही. पहिली त्याच्या हक्काची होती असं मला वाटलं, आजही वाटतं.

त्याचा हात वरच राहिला. मग खाली आला. त्याने चष्मा शोधला, शर्टाला पुसला आणि भावोजींच्या डोळ्यांवर बसवला. त्यांना काखेत धरून उठवलं. टेप चालूच होती.

दाराशी भावोजींनी विचारलं, “ये मैं नाटक में बोलूँ?”

तो पाठमोरा होता. “बोलो. सब बोलो. बस उसका नाम मत लेना.”

म्हणून मीही इथे तिचं नाव घेतलेलं नाही.

परतताना रिक्षात मी म्हणाले, “तुम्ही काही केलेलं नाही. बॉम्ब ठेवणारा वेगळा.”

“हे तुम्ही मला कशाला सांगता, वहिनी?” ते म्हणाले. “तो ठेवून गेला. नंतरचं माझ्याकडे आहे.”

प्रयोग मंडळाच्याच हॉलमध्ये झाला. सेक्रेटरी पहिल्या रांगेत. दुकानदार आला नाही. सुनंदा, आणखी दोघं आणि भावोजी, लोकांनी जे सांगितलं ते तसंच्या तसं म्हणत होते. शेवटी भावोजी एकटे, कुबड्यांवर. दोन्ही माणसं तेच झाले. दुकानदार होऊन विचारलं, “मेरी घरवाली बाहर आई?” आणि स्वतः होऊन ओरडले, “आई! आई गं!”

लोक हसले. हसणारच, त्यांच्या रोजच्या बोलण्यातली गंमत ती. मागे कोणीतरी म्हणालंसुद्धा, “कौन आई?” भावोजी थांबले. मग दुकानदार होऊन त्यांनी हात जोडले, कपाळाला लावले. मागच्या रांगेपर्यंत हसू कसं बंद होत गेलं ते मला एका कानानेही ऐकू आलं. थपडेची जागा आली तेव्हा त्यांनी टेप लावली नाही, आवाज केला नाही. नुसता चष्मा काढला, शर्टाला पुसला आणि पुन्हा घातला.

त्यानंतर त्यांनी नाटक बसवलं नाही. जमुनापारच्या फ्लॅटमध्ये पोरांच्या शिकवण्या घ्यायचे. दिवाळीला माझ्याकडे यायचे, लाकडी पाय दाराबाहेर काढून ठेवायचे, चपलेसारखा. गेल्या थंडीत झोपेत गेले. म्हणजे शेवटच्या वेळी ओरडले नाहीत.

त्या दुकानात आम्ही चौघं होतो. दुकानदार जगला. भावोजी जगले. मी जगले. ती मागच्या खोलीत होती.