अकरा वाजताची कॉपी

पुस्तकांना वाळवी लागते, किस्स्यांना लागत नाही. म्हणून ते साचत जातात. डिचोलीच्या एका वाचनालयात मी तीस वर्षं शिपाई होतो. शिक्षण चौथी. पण कॉम्प्युटरचे जेवढे किस्से माझ्याकडे आहेत, तेवढे शिकलेल्यांकडे नसतील.

*

आमच्या ग्रंथपाल सुलभा मॅडम मुळगावला माझ्या घरी टेपरेकॉर्डर घेऊन जायच्या. मी ड्युटीवर असायचो. माझी बायको रुक्मिणी धालोची गाणी सांगायची. धालो म्हणजे पौषातल्या रात्री गावच्या मांडावर, ठरलेल्या अंगणात, फक्त बायकांनी फेर धरायचा खेळ. एकेचाळीस गाणी झाली. मॅडमनी ती कॉम्प्युटरमध्येही उतरवली.

पुढं तिच्या घशाचं ऑपरेशन झालं. आता ती बोलते ते जवळ बसल्याशिवाय ऐकू येत नाही. गाणं संपलं. त्याच पावसाळ्यात कॅसेटना बुरशी आली. गाणी उरली ती फक्त वाचनालयाच्या कॉम्प्युटरमध्ये.

मॅडम म्हणाल्या, "काका, एकाच जागी ठेवणं बरं नव्हे."

मी म्हटलं, "कपाटात ठेवा. चावी माझ्याकडे आहे!"

*

मग म्हापशाहून संदेश आला. कॉम्प्युटरवाला. त्यानं एक काळा डबा जोडला. म्हणाला, "आता रोज संध्याकाळी सात वाजता कॉम्प्युटर आपोआप सगळं ह्या डब्यात कॉपी करणार. माणूस नको."

हे मला आवडलं नाही.

महिन्यानं बघितलं तर डबा रिकामा! संदेश म्हणाला, व्हायरस. बस पकडून तीनदा आला. तिन्ही वेळा सगळं तपासलं. तिसऱ्या वेळी तो साडेसहापर्यंत बसून राहिला. मी म्हटलं, "ऊठ, बंद करायची वेळ झाली." आणि रोजच्यासारखा मेन स्विच खाली ओढला.

संदेश तसाच खुर्चीत बसून. म्हणाला, "मॅडम, व्हायरस सापडला. चौथी शिकलाय!"

*

वेळ बदलली. दुपारी दीड. जेवणाच्या सुट्टीत मी स्विचला हात लावणार नाही, असं कबूल केलं. शब्द पाळला.

तरी डबा रिकामा! आमचे अध्यक्ष भाई दुपारी त्याच खोलीत बाकावर आडवे व्हायचे. भिंतीला प्लग एकच. कॉम्प्युटरची वायर काढून ते पंख्याची लावायचे.

मी जाब विचारला. अध्यक्ष असले म्हणून काय झालं! "भाई, कॉम्प्युटर काम करत होता."

भाईंनी एक डोळा उघडला. "अरे, गोंयांत दनपारां मनीस काम करिना, मग त्या मशिनीक कित्याक त्रास?"

*

शेवटी सकाळी अकरा ठरले. सगळ्यांसमोर. जबाबदारी माझी. डब्याचा दिवा लुकलुकायला लागला की मी दारात स्टूल टाकून बसायचो. दिवा थांबेपर्यंत कोणी आत जायचं नाही.

एक दिवस बरोबर अकराला पणजीहून मोठे साहेब तपासणीला आले. सरळ आत शिरले आणि कॉम्प्युटरकडे हात नेला. मी आडवा झालो.

"साहेब, हात लावू नका. आत माझी बायको आहे."

साहेबांनी मॅडमकडे बघितलं.

मॅडम म्हणाल्या, "खरं आहे, सर."

साहेबांनी हात मागं घेतला. दिवा थांबेपर्यंत उभे राहिले!

*

आणि एक दिवस तो कॉम्प्युटर गेलाच. वीज कडाडली, पडदा काळा. संदेश म्हणाला, "आतलं काही वाचलं नाही."

त्या दिवशी मी घरी जेवलो नाही. रुक्मिणीनं विचारलं, "कितें जालें?" म्हटलं, "कांय ना."

चार दिवसांनी नवा कॉम्प्युटर आला. संदेशनं डबा जोडला. एक एक करून मोजलं. एकेचाळीस!

मॅडम म्हणाल्या, "काकींना घेऊन या." इतक्या वर्षांत ती पहिल्यांदाच माझ्या कामाच्या जागी आली. संदेशनं खुर्ची दिली, स्पीकर लावला. मीही पहिल्यांदाच ऐकत होतो. ड्युटीवर गाणी ऐकायची मला सवय नाही.

तिचा आवाज आला. खणखणीत. रुक्मिणी मांडीवर हात ठेवून ऐकत राहिली.

गाणं संपलं, पण टेप चालूच होती. त्यात मॅडम विचारत होत्या, "आणि काकांना येतात का ही गाणी?"

त्यात रुक्मिणी हसली. "तांकां कशीं येतलीं? धालोच्या मांडार दादले येनात. पूण दर वर्सा हे मांडाच्या फाटल्यान, माडाकडेन येवन उबे रावतात. म्हाका कळना अशें दिसता तांकां!"

मला वाटायचं, माडामागं मी कोणाला दिसत नाही. मॅडम खिडकीबाहेर बघायला लागल्या. रुक्मिणीनं पदर सारखा केला. माझ्याकडे बघितलं नाही.

मी संदेशला विचारलं, "हेसुद्धा रोज अकराला कॉपी व्हायचं?"

"रोज, काका."