सावलीचं शूटिंग

मी लग्नाचं शूटिंग करतो. आमचं गिऱ्हाईक मुंडावळ्या सावरत हळूहळू चालतं, धावतं कोण? त्यामुळे धाकटी बहीण म्हणाली, "दादा, माह्या धावण्याचा व्हिडिओ काढ, कुठं चुकून राहिली ते पाहू दे," तेव्हा मी भलताच खूश झालो. तिची मात्र झोप उडाली होती. पोलीस भरतीत शंभर मीटरमध्ये ती थोडक्यात हुकली होती, आणि वयाच्या अटीत आता शेवटचीच संधी उरली होती.

आंधळगावच्या तलावाच्या पाळीवर मी सवयीने ओरडलो, "जरा कॅमेऱ्याकडे पाहून हस!"

"हसू का धावू?"

मग मोबाईल तिच्या पोटरीला बांधला. पडद्यावर नुसतं आभाळ, धूळ, आभाळ, धूळ. हातमागावरून उठून आलेल्या आईला तो व्हिडिओ पाहता पाहता मळमळायला लागलं. मी त्याला कला म्हणत होतो, घरचे दुसरंच काहीतरी म्हणत होते.

एका सकाळी कोवळ्या उन्हात तिची लांबलचक सावली धानाच्या कापलेल्या बांधीत पडली. मला ती इतकी आवडली की मी बहिणीला सोडून तिचंच शूटिंग केलं.

"मी इकडं धावून राहिली, तू तिकडं काय काढून राहिला?"

घरी ते स्लो करून पाहिलं. सावलीचा एक हात छान झुलत होता. दुसरा दर थोड्या वेळाने कमरेशी जाऊन गायब व्हायचा. चेहरा आणि पाय टिपण्याच्या नादात मला हे कधी दिसलंच नव्हतं. ती धावता धावता टी-शर्ट खाली ओढत होती.

"मी? कधी?" तिचा विश्वासच बसेना.

आई हसता हसता थांबली. "कपडे खाली घे, लोक पायतात, हे मीच म्हणत आली ना वं लहानपणापासून," ती म्हणाली. मला फार वाईट वाटलं.

भरतीच्या सकाळी आईने सुईदोरा घेऊन बहिणीचा टी-शर्ट पँटच्या कमरेला शिवून टाकला. "आता ओढ किती ओढायचा तं!"

भंडाऱ्याच्या मैदानावर कॅमेऱ्याला बंदी होती. आम्ही कुंपणाबाहेर उभे होतो. शिट्टी झाली, बहीण सुटली, आणि तिचा हात पुन्हा कमरेकडे वळला.

"पाहू दे त्यायले! तू धाव!" आई जीव खाऊन ओरडली.

बहिणीचे दोन्ही हात शेवटपर्यंत झुलले. या वेळी ती हुकली नाही. कुंपणापाशी जमलेले सगळे बाप्ये मात्र वळून आईकडेच पाहत होते. तिने डोक्यावरून घसरलेला पदरही सावरला नाही.