रविवारी आमच्या हॉलमध्ये भरलेलं कोर्ट

आमचे हे न्यायदंडाधिकारी. वसईला बदली झाली तेव्हा आम्ही विरार पूर्वेला, चंदनसारमध्ये भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहत होतो. एका रविवारी दुपारी माझा भाऊ जेवायला आला होता. पानं वाढली आणि बेल वाजली. दारात फौजदार, दोन शिपाई आणि मध्ये चुरगळलेल्या शर्टातला, चाळिशीचा एक माणूस. कळंबचा कोळी. आदल्या दिवशी बाजारात बसायच्या जागेवरून मारामारी झाली, समोरच्याचं डोकं फुटलं, म्हणून याला अटक. अटकेपासून चोवीस तासांच्या आत न्यायाधीशापुढे उभं करावंच लागतं. कोर्ट बंद, म्हणून आमच्या घरी आणलेला.

"जेवून घ्या, थांबतील ते," भाऊ म्हणाला.

"ते थांबतील रे, चोवीस तास कसे थांबतील?" असं म्हणून हे उठले, आणि टी-शर्ट बदलून आले.

आधी ह्यांनी विचारलं, "तुम्हाला वकील आहे?" माणसाने नकारार्थी मान हलवली. मग ह्यांनी मोफत कायदेशीर मदतीच्या वकीलबाईंना बोलावलं आणि त्या येईपर्यंत एकही प्रश्न विचारला नाही. त्याला खुर्चीवर बसवलं. मी सगळ्यांना पाणी दिलं.

बाई आल्यावर ह्यांनी पोलिसांना जिन्यात उभं केलं. स्वयंपाकघरातून मला सगळं ऐकू येत होतं.

"कोणी मारलं का तुम्हाला? घाबरू नका."

"नाय सायब. खरंच नाय."

"घरी माहीत आहे, तुम्ही कुठे आहात ते?"

"ठाव नाय सायब." ह्यांनी फौजदारांना आत बोलावलं. "गावात निरोप दिलाय सर," ते म्हणाले.

"पोचला का?"

"ते बघावं लागेल सर." ह्यांनी तिथल्या तिथे त्या माणसाच्या बायकोला फोन लावायला सांगितलं. स्पीकरवर तिचा आवाज घरभर झाला, "कुठं हाव तुमी? काल दुपारपासून शोधतंय! कोनालाच ठाव नाय!" इतका वेळ कोरडा बसलेला तो माणूस तोंड झाकून रडायला लागला.

पोलिसांनी त्याची पोलीस कोठडी मागितली होती. "ज्या मासळीच्या क्रेटने मारलं तो जप्त झालाय, साक्षीदार सापडलेत. मग कोठडी कशासाठी?" ह्यांनी ती नाकारली. न्यायालयीन कोठडी दिली, म्हणजे पोलिसांच्या ताब्यात न ठेवता तुरुंगात, आणि वकीलबाईंना जामिनाचा अर्ज लगेच करायला सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्याला जामीन मिळाला.

त्या रविवारी सगळे गेल्यावर आमटी पुन्हा गरम करता करता मी विचारलं, "त्यानेच फोडलं असेल का हो डोकं?"

"मला काय माहीत? आज ते ठरवायचंच नव्हतं."

लग्नाला इतकी वर्षं झाली होती, पण ह्यांचं काम मी पहिल्यांदाच जवळून बघितलं. गुन्हेगार असेल-नसेल अशा माणसाला शेवटपर्यंत 'तुम्ही' म्हणणारा माझा नवरा त्या दुपारी मला फार आवडला. भावानेही गुपचूप ह्यांच्या पानात एक जास्तीची पोळी वाढली.