दाऊदभाईंचा काळा पेला

दाऊदभाई कुणाच्याही घरात शिरले की आधी चपला काढत आणि उलटा हात फरशीवर टेकवत. "जमीन काय म्हणते ते बघू दे," म्हणत, सलाम-दुआ मागाहून. आखातातल्या दुखानच्या तेलकंपनीच्या वसाहतीत पाइप जोडणारे पुष्कळ होते. पण हा रत्नागिरीचा फिटर बोलू लागला की इंजिनिअरसुद्धा पेन्सिल खाली ठेवत.

मी तेव्हा तिथे ड्राफ्ट्समन होतो, नवा आणि भलताच शहाणा. आमच्या साहेबांच्या सहा वर्षांच्या मुलीचे पाय पोलिओने गेले होते. ती दिवसभर जमिनीवर सरपटायची आणि हिवाळ्यात फरशी नुसती गारढोण. साहेबांनी फरशीखाली नळ्या घालून गरम पाणी फिरवायचं ठरवलं. पाणी तापवायचं कशावर, हे मला सुचवायचं होतं. मी छातीठोकपणे लिहिलं: गॅस. तेलविहिरींवर तो रात्रंदिवस फुकट जळतच होता.

दाऊदभाईंनी माझा कागद पाहिला. "भाऊ, भांडं बघून चूल मांडावी. फुकटचं लाकूड बघून नाय."

"मग काय, वीज?"

"सांजेला अख्खी वसाहत हिटर लावते. जनरेटर बसला की पोरगी गारठली. आणि हे काय आंघोळीचं पाणी हाय? नुसतं कोमट लागतं. डिझेलचा लहानसा बॉयलर, घराच्या बाहेर. खलास!"

"पण गॅसला काय धाड भरलीय?" मी चिडून विचारलं.

दाऊदभाईंकडे त्यांच्या आईने दिलेला तांब्याचा पेला होता; दुपारी जेवताना मीही त्यातूनच पाणी प्यायचो. तो त्यांनी नेऊन गॅसच्या एका गळक्या जोडापाशी टांगला. आठ दिवसांनी माझ्या टेबलावर आणून ठेवला, तर तव्याच्या बुडासारखा काळा!

"गंधक हाय त्या गॅसात. बर्नरच्या तांब्याच्या नळीचं हेच होणार, मंग ती गळणार. वास येतो तोवर ठीक. गॅस वाढला की नाकच मरतं; वास येईनासा झाला की माणूस गेला. आणि हा गॅस जड, खाली बसतो; पोरगी तर जमिनीलाच असते."

"अहो, पण आईचा पेला कशाला? नळीचा तुकडा टांगायचा!"

"तुकडा जुनाच होता म्हणाला असतात. पेला तुम्ही रोज बघता."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. कागद फाडला आणि स्वतः साहेबांकडे जाऊन चूक सांगितली. बॉयलर घराबाहेर बसला. पहिल्या थंडीत दाऊदभाईंनी त्या फरशीवर उलटा हात टेकवला, तेव्हा त्या मुलीनेही शेजारी आपला इवलासा हात तसाच टेकवला.

पुढे ते कायमचे गावी निघाले, तेव्हा पेला माझ्या हातात ठेवून म्हणाले, "ठेवा. नव्या इंजिनिअरांना पाणी द्यायला." तसं ते थट्टेतच म्हणाले.

माझ्या बायकोने एकदा चिंच लावून तो घासायला घेतला होता. मी तिच्या हातातून काढून घेतला. घरातलं दुसरं कुठलंच भांडं मला इतकं स्वच्छ वाटत नाही.