जळक्या पेंढ्याचं पान

कैनाड गावच्या एका पाड्यावर जिवलीच्या माहेरी फार जुनी पोथी होती. तिच्यात अक्षर एकही नव्हतं. झाडाची साल कुटून, तेलात मुरवून केलेली सुपाएवढी पानं, आणि त्यांना काट्यानं पाडलेली बारीक भोकं. सकाळच्या उन्हात पान भिंतीजवळ धरलं की त्याच्या सावलीत उजेडाचे ठिपके उमटत. माणसं दिसत, बैल दिसत, झोपड्या दिसत. पान तापलं की त्यात चोळलेला वास सुटे. दुष्काळाच्या पानाला कडूकंदाचा वास, तर समुद्राकाठून पाडा उठून इकडे आला त्या पानाला खाऱ्या चिखलाचा. ज्या पिढीवर जे गुदरलं, त्याचं पान तिनं केलं.

पोथी वाचायची ती घरातल्या पुरुषानं. जिवलीच्या बापाचं नाव धाकल्या. त्याला मुलगा नव्हता. पोथी चुलत्यांकडे दे, असं सगळ्यांनी सुचवलं. त्यानं ती मुलीला शिकवली. मग लग्नाच्या बोलणीतच जिवलीनं सांगून टाकलं, "नवरा इथं राहायला येणार असेल तर लग्न. नाहीतर राहू दे." नविन नावाचा तरुण तसा राहायला आला. दोघं पाड्यातल्याच चिमणच्या चिकूवाडीत मजुरीला जाऊ लागली. बाप गेल्यावर दर वर्षी दिवाळीआधीच्या वाघबारशीच्या सकाळी पाड्याच्या अंगणात जिवलीच पोथी उघडू लागली.

तिच्यात एक पान जळक्या पेंढ्याचं होतं. जमीनदाराकडे फुकट राबायला पाड्यानं नकार दिला, तेव्हा घरं पेटवली गेली, त्याचं. मशाल धरणारा पाड्यातलाच होता. त्याच्या डाव्या हाताला बोटं नव्हती, आणि भिंतीवरच्या ठिपक्यांतही नसत. तो चिमणचा पणजा, हे सगळ्यांना ठाऊक होतं. नाव मात्र कुणी घेत नसे.

एका वर्षी वाघबारशीआधी चिमण जिवलीच्या दारात आला. त्याला निवडणुकीला उभं राहायचं होतं.

"जिवले, यंदा बाहेरचे लोक येतील. तेवढं एक पान सोड."

"का सोडू?"

"मेलेल्याला कशाला उकरायचं?"

"दादा, मी कुणाला उकरत नाही. आहे ते उन्हात धरते."

"मग अंगणात ऊन येतं का बघ," म्हणून तो गेला. दोन दिवसांत अंगणावर पत्रे चढले. सगळ्यांना सावलीची सोय करून दिली, असं तो सांगू लागला.

वाघबारशीला लोक पत्र्याखाली जमले. भिंतीवर उजेडाचा कवडसाही नव्हता. नविन हळूच म्हणाला, "यंदा जाऊ दे. काम त्याच्याच वाडीत आहे आपलं."

जिवलीनं पोथी डोक्यावर घेतली आणि चालू लागली. लोक मागोमाग निघाले. रस्त्यालगत चिमणच्या नव्या घराची पूर्वेकडची भिंत पांढरीशुभ्र उन्हात न्हाली होती. तिच्यासमोर रस्त्यातच उभी राहून तिनं पोथी उघडली. एकेक पान करत ती त्या पानाशी आली. भिंतीवर झोपड्या उमटल्या, मशाल उमटली, बोटं नसलेला हात उमटला. जळक्या पेंढ्याचा वास दारापर्यंत गेला.

चिमण बाहेर आला. "बंद कर. भिंत माझी आहे."

"भिंत तुझी. ऊन तुझं नाही," जिवली म्हणाली.  तिनं पान खाली घेतलं नाही.

चिमण पुढे सरला, तेवढ्यात त्याची म्हातारी आई, बारकी, ओट्यावरूनच म्हणाली, "वाचू दे तिला. माझा आजेसासरा पेंढ्याखाली कधी झोपला नाही. पावसातही बाहेर झाडाखाली बसायचा. का, ते कुणी विचारलं नाही त्याला."

चिमण मागे सरून दारात उभा राहिला. जिवलीनं पोथी शेवटापर्यंत वाचली.

दुसऱ्या दिवसापासून चिमणच्या वाडीत जिवली-नविनला काम नव्हतं. दोघं मसोलीकडच्या वाड्यांवर जाऊ लागली. पहाटे निघावं लागे, टेम्पोत उभ्यानं जावं लागे. पोथी मिटून ठेवशील तर परत ये, असा निरोप चिमणनं दोनदा धाडला. दोन्ही वेळा ती नाही म्हणाली.

पुढल्या वाघबारशीच्या आदल्या दिवशी त्यानं ती भिंत काळ्या ऑइलपेंटनं रंगवून घेतली. सकाळी जिवली आली, भिंत पाहिली आणि नविनला म्हणाली, "तुझं धोतर आण." पाड्यातल्या दोन पोरींनी धोतर रस्त्यात ताणून धरलं. वाचन झालं. आदल्या वर्षीपेक्षा माणसं जास्त होती, तलासरीहूनही काही आली होती.

रंग अजून ओला होता. जाताना तिनं भिंतीवरून बोट फिरवलं आणि घरी येऊन तो वास सालीच्या कोऱ्या पानात चोळला. मग काटा घेऊन ओट्यावर बसली.

नविननं विचारलं, "चिमणला कुठं काढणार यात?"

"दारात. होता तिथं."

"आणि हातात?"

जिवली थोडी थांबली. "हात रिकामे. त्याच्या हातात मशाल नव्हती. नसलेलं नाही काढणार मी," म्हणाली आणि तिनं पहिलं भोक पाडलं.