सेंटर हाफचा भाऊ

इंदूर स्टेशनच्या पुलावर दादा थांबला तेव्हा माझी ट्रंक त्याच्या खांद्यावर होती. मी होल्डॉल घेऊन चार पायऱ्या पुढे होतो. मागे वळून पाहिलं तर तो कठड्याला टेकून उभा, तोंड उघडं, नजर खाली रुळांकडे.

"तू हो पुढे, जागा धर. मी आलोच."

मी खाली येऊन ट्रंकेला हात घातला, तर त्याने तो झटकला. "अरे, एवढं तर उचलू दे मला." पण उचलणं त्याच्याने झालं नाही. शेवटी ट्रंक हमालाने नेली आणि माझा मोठा भाऊ माधव, काही महिन्यांपूर्वीपर्यंत मिलच्या हॉकी टीमचा सेंटर हाफ, रिकाम्या हातांनी एकेक पायरी चढत माझ्या मागून आला. रतलामला गाडी बदलून मला दिल्ली गाठायची होती. रेडिओवर खेळांचं वर्णन सांगायची नोकरी लागली होती. डब्याच्या खिडकीशी उभा राहून तो म्हणाला, "पत्र टाकत जा. आणि तिकडे जाऊन इंदुरी भिया-भिया करू नको, हसतील लोक." गाडी हलली, तेव्हा दोन पावलं तो बरोबर चालला. मग थांबला. धावला नाही. का धावला नाही ते आम्हा दोघांनाही माहीत होतं.

तुम्हा इंदूरवाल्यांपैकी जे गावात राहिले त्यांना वाटतं मी आवाजाच्या जोरावर गेलो. जे माझ्यासारखे बाहेर पडले त्यांना वाटतं नशीब काढलं. मी कसा गेलो हे एकदा सांगायला हवं.

आम्ही मल्हारगंजात राहायचो, एका भांडेवाल्या सेठच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत. दिवसभर खालून पितळेवर ठोकण्याचा आवाज यायचा. आबा संस्थानच्या फौजेत रिसालदार होते. संस्थान विलीन झालं, फौज गेली, घोडे गेले, आणि आबा घरी आले. कचेऱ्यांवर नव्या राज्याच्या, 'मध्य भारत'च्या पाट्या लागल्या. आबा ते नाव घेत नसत, 'हे नवीन' म्हणत. रोज सकाळी दाढी करून, बंद गळ्याचा कोट घालून ते खिडकीत बसायचे. कुठे जायचं नसे.

त्या घरात मान वर करून चालायला एकच कारण होतं, दादा. कागदावर तो मिलच्या फोल्डिंग खात्यात होता, खरं म्हणजे हॉकीसाठी ठेवलेला. बाजारातून आई भाजी घेऊन चालली की लोक म्हणायचे, "माधव भिया की माताजी हैं, रास्ता दो." आई घरी येऊन हे सांगताना हसायची आणि पदराने तोंड झाकायची.

मी इंटरला नापास होऊन एका हिंदी अखबारात लागलो होतो. सायकलवरून मैदानं फिरायची, स्कोर आणायचे, खेळाचं पान भरायचं. संपादक शुक्लाजी. चष्मा कपाळावर चढवून ते माझी कॉपी वाचायचे आणि निम्मी खोडायचे. "वसंत बाबू, मैदान पर जो हुआ वह लिखो। जो तुम चाहते थे, वह घर जाकर माँ को सुनाना." हळूहळू खोडणं कमी झालं. छोटं, टोचणारं वाक्य लिहायची मला चटक लागली. चौकात कोणी माझं वाक्य म्हणून दाखवलं की मी सायकल हळू करून ऐकत असे.

मग ती फायनल आली. मिलची टीम आणि महूची फौजी टीम. भिंतीवर, झाडांवर, टांग्यांच्या टपावर माणसं. पहिल्या हाफमध्ये दादा नेहमीसारखा खेळला. दुसऱ्या हाफमध्ये मात्र त्याचे पाय थांबले. बॉल शेजारून जायचा आणि तो नुसता वळून बघायचा. दोनदा तो कंबरेवर हात ठेवून उभा राहिला, आणि दोन्ही वेळा आमच्यावर गोल झाला. लोक ओरडायला लागले. मी प्रेसच्या बाकावर मान खाली घालून लिहीत होतो.

ऑफिसात मी शुक्लाजींना म्हटलं, "आज किसी और से लिखवाइए. भाई हैं मेरे."

"और कौन गया था मैदान पर?" ते म्हणाले. "आज ही तो पता चलेगा कि तुम रिपोर्टर हो या भाई."

मला रिपोर्टर व्हायचं होतं. मी लिहिलं, 'दूसरे हाफ में माधव दौड़े नहीं, टहलते रहे।' शुक्लाजींनी त्यातलं एक अक्षर खोडलं नाही. माझी पाठ थोपटली.

दुसऱ्या दिवशी फेरफटक्याचं ते वाक्य सगळ्या इंदुरात पसरलं. चहाच्या हॉटेलात, मिलच्या फाटकावर. दादा कामावर निघाला की मागून कोणीतरी म्हणायचं, "टहल आए, भिया?" दादाने घरी अखबार वाचला, घडी घातली आणि आंघोळीला गेला. आबा बोलले. खिडकीतून तोंड न वळवता म्हणाले, "खोटं नाही लिहिलंस. पण आधी त्याला विचारायचं होतंस."

एवढंच. पुढे कितीतरी वर्षं मी मनात आबांशी भांडत राहिलो, की मैदानावर घडलं ते मैदानावरून लिहितात, घरी येऊन विचारत नाहीत. पण मी तर त्याच घरात राहत होतो. त्याच्या शेजारी झोपत होतो. आठ-दहा महिने जिन्यात त्याला धाप लागत होती ती मी ऐकली होती, आणि विड्यांमुळे असेल म्हणून सोडून दिली होती.

मिलने दादाला टीममधून काढलं. टीममध्ये नाही म्हटल्यावर फोल्डिंग खात्यातली आरामाची जागाही गेली. त्याला टाकलं ब्लो रूममध्ये, जिथे कापूस फोडतात आणि हवेत सगळा कापसाचा धुरळा. दोन महिन्यांत तो मशीनपाशी पडला. मोठ्या दवाखान्यातल्या डॉक्टरांनी छातीला नळी लावून खूप वेळ ऐकलं. लहानपणी सांधे सुजून ताप आला होता का, विचारलं. आई म्हणाली, आला होता, सहा वर्षांचा असताना. डॉक्टर म्हणाले, तेव्हाच दिलाचा व्हॉल्व्ह खराब झालाय. ह्या अवस्थेत हा माणूस हॉकी खेळत होता, ह्याचंच त्यांना नवल वाटलं. दादा तेव्हा एकोणतीस वर्षांचा होता.

"तुला कळत नव्हतं?" बाहेर बाकावर बसल्यावर मी विचारलं.

"कळत होतं. वाटलं, वय झालं. सांगितलं असतं तर मिलवाल्यांनी बसवलंच असतं ना?" मग बाकावरून उठत, "फायनल तेवढी खेळून घ्यायची होती, यार."

आणि त्याच आठवड्यात दिल्लीचं पत्र आलं. रेडिओचे एक अधिकारी ती फायनल बघायला आले होते. दुसऱ्या दिवशी त्यांनी अखबार वाचला होता. 'टहलते रहे' लिहिणाऱ्याची भाषा त्यांना आवडली होती. आवाजाची चाचणी द्यायला या, असं पत्रात होतं. ज्या वाक्याने दादाला ब्लो रूममध्ये धाडलं त्याच वाक्याने मला दिल्लीला बोलावलं.

मी जात नाही म्हणालो. दादा चिडला. पहिल्यांदाच. "इथे राहून काय करशील? माझा श्वास मोजशील? काम मिळतंय तर कर ना." मी ऐकलं. खरं सांगायचं तर मला ऐकायचंच होतं. घरातून, त्या जिन्यातून, चौकातल्या हसण्यातून मला पळायचं होतं. चाचणीत पास झालो आणि नोकरीने पळण्याला चांगलं नाव दिलं.

दिल्लीत करोलबागेत एका पंजाबी बाईंच्या गच्चीवर बरसाती, म्हणजे एकच खोली, मिळाली. सकाळी त्या "बेटा, परांठा" म्हणून हाक मारायच्या. स्टुडिओत लाल दिवा, क्यू, फेडर, टॉकबॅक असे शब्द शिकलो. 'भिया' तोंडातून गेलं, 'अपन' गेलं, 'काय करून राहिला' गेलं. उच्चार घासून घासून असे साफ केले की कोणत्या गावचा आहे ते ओळखू येऊ नये. मराठी फक्त पत्रात उरली, आणि पत्रांतही मी 'ब्रॉडकास्ट छान झाला' असलं काहीतरी लिहायला लागलो.

घरी रेडिओ नव्हता. आमच्या गल्लीच्या तोंडाशी भेरूलालजींचं चहाचं हॉटेल होतं, तिथे एक सेट होता. माझं पहिलं वर्णन झालं त्यानंतर चार दिवसांनी दादाचं पोस्टकार्ड आलं. 'चि. वसंतास अनेक आशीर्वाद. ऐकलं. आवाज चांगला आहे पण तू बॉलच्या मागे धावतोस. बॉल मारला की तो गेला, त्याच्याकडे काय बघायचं? जिथे जाणार तिथे आधीच बघ. सेंटर हाफ तेच करतो.'

मी तसं करून बघितलं. वर्णन एकदम मोकळं झालं. मग प्रत्येक मॅचनंतर कार्ड यायचं. 'काल लेफ्ट विंगवरचा पोरगा थकला होता. तू म्हणालास आळस करतोय. त्याच्या श्वासाकडे बघ, पायाकडे नको.' एवढं वाचून मी बरसातीच्या पायरीवर बसून राहिलो. त्याने मला दोष दिलेला नव्हता. तो शिकवत होता. पुढे लोकांनी माझी तारीफ केली की हा माणूस खेळाडूच्या आतलं बोलतो. ते आतलं मल्हारगंजातून येत होतं.

'माफ कर' एवढं मात्र मी त्याला कधी लिहिलं नाही. दर वेळी कार्डावर जागा उरायची आणि मी तिथे 'आईला नमस्कार' लिहायचो. समोर बसून सांगू, असं वाटायचं. दोनदा सुट्टीत गेलो. दोन्ही वेळा त्याने मला आपल्या शेजारी खाटेवर बसवून हॉकीच सांगितली आणि मी ऐकली. तेवढ्यावरच सुट्टी सरली.

हळूहळू कार्डं लहान झाली. अक्षर तिरकं झालं. मग एक कार्ड आलं, त्यात खेळाबद्दल काहीच नव्हतं. 'एकदा येऊन जा.' तीन शब्द.

मी तेव्हा लखनौला होतो. देशभरातल्या टीमांची मोठी स्पर्धा, पहिल्यांदाच माझ्या एकट्याच्या भरवशावर सोपवलेली. कार्ड दिल्लीला जाऊन तिथून फिरून आलं होतं. मी उत्तर लिहिलं, 'आठ दिवसांनी फायनल आहे, संपली की लगेच निघतो.' पेटीत टाकलं. मला फायनल तेवढी करून घ्यायची होती.

सहाव्या दिवशी तार आली. गाड्या बदलत मी पोचलो तोवर सगळं उरकलं होतं. आई भिंतीला टेकून बसली होती. मला पाहून रडली नाही, फक्त शेजारची जागा हाताने साफ केली. आबांनीच सांगितलं. दादाला जिना उतरवत नव्हता म्हणून भेरूलालजी स्वतः सेट उचलून वर घेऊन आले, खालच्या सेठने दुकानातून विजेची तार ओढून दिली. सेमीफायनल दादाने खाटेवर पडून ऐकली. हाफ टाइमला म्हणाला, "आबा, बंद करा आता. तो नीट बोलतोय. त्याला माझी गरज नाही." दुसऱ्या दिवशी सकाळी गेला.

"माझं पत्र पोचलं होतं?" मी विचारलं.

"पोचलं होतं. मी वाचून दाखवलं."

"काय म्हणाला?"

आबा खिडकीकडे वळले. मग म्हणाले, "म्हणाला, बरोबर आहे त्याचं. फायनल कोणी सोडतं का?"

ह्यापेक्षा त्याने मला शिव्या दिल्या असत्या तर मी कुठेतरी थांबलो असतो. मी थांबलो नाही. दहाव्याला मिलच्या टीममधले सगळे आले, एकाच रांगेत बसले. त्यांच्यातल्या गोलकीपरने माझा हात धरला, "भिया, आपकी आवाज़ में उसी का दिमाग बोलता है." मी मान हलवली. तेराव्यानंतर दिल्लीची गाडी धरली आणि पुढच्या आठवड्यात माइकसमोर होतो.

त्यानंतर मध्य भारतही राहिलं नाही. पाट्या पुन्हा रंगवल्या. आबांनी ते नवीन नावही घेतलं नाही. दोन वर्षांत तेही गेले. आईला मी दिल्लीला आणलं. ती बरसातीच्या कट्ट्यावर बसून पंजाबी बाईंशी इंदुरी हिंदीत बोलायची आणि दोघी एकमेकींचं अर्धंच समजून पूर्ण हसायच्या. आईही तिथेच गेली. मल्हारगंजातल्या खोल्या सेठला परत दिल्या, त्याने तिथे गोदाम केलं.

मध्यंतरी बऱ्याच वर्षांनी एका मॅचच्या वर्णनासाठी इंदूरला पाठवलं. स्टेशनबाहेर टांगा केला. टांगेवाला म्हातारा, बोलका. माझं हिंदी ऐकून म्हणाला, "बाबूजी दिल्ली के लगते हो. इंदौर पहली बार?"

मी "हाँ" म्हणालो.

का म्हणालो? नाही म्हटलं असतं तर त्याने विचारलं असतं, कहाँ के, किनके घर के. आणि मला म्हणावं लागलं असतं, माधव भियांच्या घरचा. मग त्याने विचारलं असतं, अच्छा, तो आप उनके कौन? ते उत्तर मला हसत देता आलं नसतं.

म्हाताऱ्याला वाटलं, पाहुण्याला गाव दाखवावं. प्रेमाने दाखवायला लागला. हा राजवाडा, ही नदी, इधर सराफे की कचौरी ज़रूर खाना. मल्हारगंजाच्या तोंडाशी त्याने टांगा हळू केला. "ये बड़ा पुराना मोहल्ला है, बाबूजी. अच्छे लोग रहते थे यहाँ." मी वाकून गल्लीत बघितलं, जेवढं एखादा परका बघेल तेवढंच. मग म्हणालो, "अच्छा," आणि त्याने घोडा हाकला.

घर म्हणजे काय, असं आता कोणी विचारलं तर मला एवढंच सांगता येतं. जिथे जाऊन मला खोटं बोलावं लागतं, अशी जगात एकच जागा आहे. बाकी सगळीकडे मी पाहुणा आहे, आणि तिथे खरं सांगायला मला काहीच त्रास होत नाही.